सोलापुरात बसून ओव्हल रेसिंग: आयरेसिंग घ्यावं का?

घरबसल्या स्टॉक कार, म्हणजे लंबगोल (ओव्हल) ट्रॅकवर पळणाऱ्या अमेरिकन शर्यतीच्या गाड्या, शिकायला आयरेसिंग या कम्प्युटरवरच्या ऑनलाइन रेसिंग सिम्युलेटरला तोड नाही. अमेरिकन स्टॉक कार ड्रायव्हर विल्यम बायरनने सुरुवात इथेच केली. पुढे २०२४ आणि २०२५ची डेटोना ५०० ही तिथली मोठी शर्यत जिंकली. आयरेसिंगमध्ये आधी छोटे ओव्हल, मग डेटोनाचा अडीच मैलांचा ट्रॅक. बढती नुसत्या वेगावर नाही, सेफ्टी रेटिंगवर, म्हणजे किती सांभाळून चालवता त्यावर: गाडी फिरली की दंडाचे २ पॉइंट, दुसऱ्या गाडीला जोरात धडकली की ४. नवखे ब्रेक उशिरा दाबतात, पुढचे टायर तापतात आणि गाडी भिंतीकडे सरकते. लवकर ब्रेक, गाडी आत वळू द्या, मगच गॅस.

वायफाय नको, लॅन केबलच. लाइट जाते, म्हणून राउटरलाही यूपीएस. शहाबादी फरशीवर पेडल मागे घसरतं. खाली रबरी मॅट, मागे भिंत हवीच. वर्गणी भरूनही बरेच ट्रॅक वेगळे विकत घ्यावे लागतात, ते महाग पडतं. सुरुवातीला सोबत मिळणाऱ्यांवरच भागवा.