सांगलीतल्या समुपदेशक मॅडमचा रिव्ह्यू, खास करून ज्यांच्या घरात एकाचंच खरं चालतं त्यांच्यासाठी

पाचपैकी साडेचार स्टार. अर्धा का कापला ते खाली येईलच. सेंटर विश्रामबागला आहे, एका मेडिकलच्या वरच्या मजल्यावर, जिना बाजूनं आहे. नाव आणि नंबर मुद्दाम टाकत नाही कारण हे रिव्ह्यू फक्त आपणच वाचतो असं नाही, नवरे पण वाचतात, आणि बायको आत बसलेली असताना खाली जिन्यात उभा राहून वर कोण जातंय कोण येतंय ते बघणारा एक माणूस मी स्वतः बघितलाय. त्यामुळं नाव-नंबर सोडून बाकी सगळं सांगते, म्हणजे तुम्ही मिरजेत, इस्लामपुरात, साताऱ्यात कुठंही गेलात तरी चांगला समुपदेशक कसा असतो ते ओळखता येईल.

आधी माझी केस थोडक्यात. माझा नवरा बाहेर अतिशय चांगला माणूस आहे आणि हे मी टोमणा म्हणून लिहीत नाही, खरंच आहे. २०१९ च्या महापुरात दिवसरात्र लोकांना बाहेर काढायला पुढं होता, गल्लीतल्या म्हाताऱ्या माणसांना उचलून नेलं, आजही लोक रस्त्यात थांबून त्याला नमस्कार करतात. त्याच आठवड्यात मला ताप आलेला, उठवत नव्हतं, तर मला म्हणाला की आता सगळ्यांचं लक्ष माझ्याकडं आहे म्हणून तुला आजारी पडायचंय. हे मी कुणाला सांगायचं? माहेरी सांगितलं तर आई म्हणणार अगं एवढा चांगला जावई. आत्यांना, म्हणजे सासूबाईंना, सांगितलं तर त्या म्हणणार तो लहानपणापासून तसाच हट्टी आहे, तू शांत रहा. मारत नाही, पीत नाही, पगार घरात देतो, मग तुला दुखतंय काय? बरीच वर्षं मला पण ह्याचं उत्तर नीट देता येत नव्हतं.

ह्या मॅडमच्या आधी आम्ही दोघं एका ठिकाणी जोडप्यांच्या समुपदेशनाला गेलो होतो. तिथं दोघांना एकत्र बसवलं आणि विचारलं बोला काय प्रॉब्लेम आहे. नवरा इतकं छान बोलला की समोरची बाई माझ्याकडंच बघून म्हणाली, ताई ते तर समजून घ्यायला तयार आहेत, दोघांनी थोडं थोडं ॲडजस्ट करा. मी रडत रडत जे जे बोलले होते त्यातलं एक एक वाक्य परत येताना गाडीत मला ऐकवलं गेलं, आणि पुढं कितीतरी दिवस पाहुण्यांसमोर पण. विश्रामबागच्या मॅडमना हे सांगितलं तर त्यांनी स्पष्ट सांगितलं की जिथं एक माणूस दुसऱ्याला घाबरून असतो तिथं पहिल्यापासून एकत्र सेशन घेणं बरोबर नाही, कारण घाबरलेला माणूस खरं बोलत नाही आणि बोललाच तर त्याची किंमत घरी जाऊन मोजतो. त्या आधी एकटीला भेटतात, आणि नवऱ्याचा फोन आला तर ही बाई आमच्याकडं येते का नाही हेसुद्धा सांगत नाहीत. हा प्रश्न अपॉइंटमेंट घेतानाच विचारून घ्या. गडबडीचं उत्तर मिळालं तर तिथं जाऊ नका.

मी पहिल्याच दिवशी मोबाईल पुढं केला होता. रात्री जागून बघितलेले रील्स, त्यात नार्सिसिस्टची, म्हणजे स्वतःपुढं दुसरं कुणी न दिसणाऱ्या माणसाची लक्षणं, प्रत्येकाला माझ्या नवऱ्याशी टिक. मला वाटलं मॅडम म्हणतील हो बरोबर आहे. त्या म्हणाल्या, मी ज्या माणसाला बघितलेलं नाही त्याचं निदान मी करणार नाही. मला तेव्हा राग आला, पण नंतर त्यांनी समजावलं ते मला आजपर्यंत कुणी समजावलं नव्हतं. नार्सिसिस्टिक पर्सनॅलिटी डिसऑर्डर हे निदान डॉक्टर लोकांच्या अमेरिकन यादीत १९८० पासून आहे, त्यात नऊ लक्षणं दिलेली आहेत, स्वतःला फार मोठं समजणं, सतत कौतुक लागणं, आपल्याला खास वागणूक मिळालीच पाहिजे असं वाटणं, दुसऱ्याचा वापर करून घेणं, दुसऱ्याच्या दुःखाची जाणीव नसणं वगैरे, आणि त्यातली किमान पाच असावी लागतात, ती पण तरुणपणापासून, घरात, कामावर, मित्रांत, सगळीकडं दिसणारी. ते ठरवायला त्या माणसाशी बसून बोलावं लागतं. त्याच्यासाठी खास अशी गोळी नाही, उपाय म्हणजे मुख्यतः दीर्घकाळ चालणारी थेरपी, आणि ती त्या माणसानं स्वतःहून घ्यावी लागते. मग मॅडम म्हणाल्या की त्यांना आजार आहे का नाही हे कळेपर्यंत तुम्ही थांबणार आहात का? वागणं तर समोर दिसतंय, त्याच्यावर काम करूया. माझ्या मते ह्या रिव्ह्यूत सगळ्यात महत्त्वाचं हेच आहे. जो समुपदेशक तुमचं ऐकून पंधरा मिनिटांत तुमच्या नवऱ्याला शिक्का मारतो तो ऐकायला गोड वाटतो, पण तुमच्या हातात काही देत नाही.

मला जे हातात मिळालं ती एक साधी वही. एका बाजूला काय घडलं ते, दुसऱ्या बाजूला त्याबद्दल नंतर काय सांगितलं गेलं ते. तारीख टाकायची, भावना नंतर लिहायच्या, आधी फक्त कोण काय बोललं ते. माझी पहिली नोंद आईच्या मोतीबिंदूच्या ऑपरेशनची होती. मिरजेत ऑपरेशन, मी नवऱ्याला चार दिवस आधी सांगितलेलं, मेसेज पण केलेला, निळ्या टिका आलेल्या. ऑपरेशनच्या दिवशी तो आला नाही, आणि संध्याकाळी मामा, मावशी सगळे बसलेले असताना म्हणाला की मला कुणी सांगितलंच नाही, ह्या घरात मी परका आहे. सगळ्यांनी माझ्याकडं बघितलं. मावशी म्हणाली, अगं सांगायचं नाहीस होय? आणि मला त्या क्षणी, मेसेज माझ्याच फोनमध्ये असताना, खरंच वाटलं की मी सांगितलं नसेल. बाथरूममध्ये जाऊन मी तो मेसेज परत परत वाचत होते. मॅडमना हे सांगितलं तेव्हा त्यांनी विचारलं, हा मेसेज त्यांना दाखवून तुम्हाला काय हवंय? मी म्हटलं त्यानं कबूल करावं. त्या म्हणाल्या, आजपर्यंत कधी कबूल केलंय? मी गप्पच बसले कारण एकदाही नाही. दाखवलं की तू माझा हिशोब ठेवतेस, तू संशयी आहेस, तुझ्या अशा वागण्यामुळंच मी लांब राहतो, म्हणजे चूक त्याची आणि माफी मागायची मी. मॅडमचं म्हणणं, मेसेज त्यांच्यासाठी ठेवू नका, स्वतःसाठी ठेवा. तुम्हाला जे आठवतंय ते बरोबर आहे एवढं तुम्हाला कळलं तरी पुरे, त्यांच्या सहीची गरज नाही.

हे वाचायला सोपं वाटतं पण माझ्यासाठी लई मोठं होतं. मी पतसंस्थेत कामाला आहे, दिवसभर लोकांचे पैसे मोजते, कॅश जुळली नाही असं क्वचित होतं, आणि घरी आले की गॅस बंद केला का हे तीनदा बघत होते. वही सुरू केल्यावर हळूहळू ते कमी झालं. वही घरात ठेवू नका असं त्यांनीच सांगितलं, मी कामावरच्या ड्रॉवरमध्ये ठेवते. फोनमध्ये लिहिणार असाल तर त्याचा पासवर्ड कुणाला माहिती आहे ते आधी बघा.

बाकी त्या काय शिकवतात तर वाद कसा घालायचा नाही ते. नवरा मुद्दाम खोचक बोलला की मी पूर्वी अर्धा तास स्पष्टीकरण द्यायचे. आता बरं, बघते, ठीक आहे, एवढंच. आवाज चढवायचा नाही, रडायचं नाही, कारण त्याला भांडणातूनसुद्धा आपलं लक्ष मिळत असतं. पण त्यांनी हे पण बजावलं की हा उपाय रोजच्या कुरबुरीसाठी आहे, समोरचा धमकी देत असेल, वस्तू फेकत असेल, हात उचलत असेल तर गप्प बसणं हा उपाय नाही, तिथून बाहेर पडायचं आणि ११२ ला फोन करायचा. आणि तू नार्सिसिस्ट आहेस असं त्याच्या तोंडावर कधीही म्हणू नका म्हणाल्या. तो शब्द दुसऱ्या दिवशी तुमच्यावरच वापरला जातो.

माझा एक प्रश्न होता जो मला विचारायची पण लाज वाटत होती, की एवढं सगळं होऊन तो चार दिवस गोड वागला की मी परत का विरघळते. भडंग आणतो, गणपतीला घेऊन जातो, येताना हरभट रोडवरून साडी घेऊन देतो, आणि मला वाटतं हाच खरा, बाकी सगळं टेन्शनमुळं. मॅडम म्हणाल्या, रोज मिळणाऱ्या प्रेमापेक्षा कधीतरी, केव्हा मिळेल ते माहीत नसलेलं प्रेम माणसाला जास्त बांधून ठेवतं, हे प्रयोगांतून दिसलेलं आहे, तुमच्या मनाचा तो कमकुवतपणा नाही. एवढ्या एका वाक्यासाठी मी फी द्यायला तयार आहे.

फीचं सांगायचं तर एका सेशनचे आठशे रुपये, पाऊण तास ते एक तास. सांगलीच्या मानानं जास्त आहे. पण परिस्थिती सांगितली तर कमी करतात, मला स्वतःला विचारावं लागलं नाही, त्यांनीच विचारलं. कॅश देऊन या. जॉइंट अकाउंटवरून स्कॅन करून पैसे दिले की त्याचा मेसेज कुणाच्या फोनवर जातो ते लक्षात ठेवा. माझा पगार जॉइंट खात्यावर जायचा आणि एटीएम त्याच्याकडं असायचं, हे मी सहज बोलता बोलता सांगितलं तर मॅडम थांबल्या आणि म्हणाल्या ह्याच्यावर आपण वेगळं बोलू. तेव्हा कळलं की २००५ च्या कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्यात फक्त मारहाण येत नाही, अपमान करणं, मानसिक त्रास देणं, आपल्याच पैशापासून आपल्याला तोडणं, हे सगळं त्यात येतं, आणि लग्न न करता एकत्र राहणाऱ्या बाईला पण तो लागू होऊ शकतो. संरक्षण अधिकारी असतो, त्याच्याकडं अर्ज करता येतो. वकील करायला पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून बाईला मोफत वकील मिळतो, त्यासाठी उत्पन्नाची अट नाही, त्यांचा नंबर १५१००. मॅडमनी हे सांगितलं पण जा केस कर असं एकदा पण म्हटलं नाही. सोड असंही नाही, सांभाळून घे असंही नाही. मी अजून त्याच घरात राहते. पगार मात्र आता माझ्या एकटीच्या खात्यावर येतो, त्यावरून घरात मोठं वादळ झालं, मी बरं, बघते, ठीक आहे एवढंच बोलले आणि खातं बदललं नाही.

आता अर्धा स्टार कशाचा कापला. वेटिंगमधून आतलं बोलणं ऐकू येतं, मधे नुसतं प्लायवूडचं पार्टिशन आहे. आत कुणी रडत असेल तर बाहेर बसलेल्याला शब्द नाही पण आवाज कळतो, आणि अशा जागी हे चालत नाही. पंखा मोठा लावतात, टीव्ही लावतात, पण त्यानं भागत नाही, सांगली लहान आहे, कोण कुणाची नणंद निघेल सांगता येत नाही. रिसेप्शनवरची मुलगी सुरुवातीला आडनावासकट मोठ्यानं हाक मारायची, मी मॅडमना सांगितलं, आता नुसता नंबर सांगते, हे त्यांनी लगेच ऐकलं ते बरं वाटलं. दुसरं म्हणजे वेळ. संध्याकाळी सहानंतर आणि रविवारी बंद, नोकरी करणाऱ्या बाईनं यायचं कधी? मी दुपारच्या सुट्टीत येते आणि डबा टेबलावर तसाच राहतो. एक शनिवार संध्याकाळचा स्लॉट ठेवला तरी कितीतरी जणींची सोय होईल.

ज्यांना नवरा बदलून पाहिजे त्यांनी इथं जाऊ नका. खरंच सांगते. माझ्या ओळखीची एक जण गेली आणि दोन सेशनमध्ये सोडून आली, म्हणे ह्या तर माझ्याबद्दलच विचारतात. हो, विचारतात, कारण खुर्चीवर तुम्ही बसलेल्या असता. आणि पुरुषांनी पण जावं, बायको अशी असलेले पुरुष पण आहेत, त्यांचं तर कुणी ऐकूनच घेत नाही, वेटिंगमध्ये मी बघितलेत.

भिंतीवर मॅडमचं सर्टिफिकेट लावलेलं आहे. क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट म्हणवणाऱ्याचं भारतीय पुनर्वास परिषदेकडं रजिस्ट्रेशन असावं लागतं, तो नंबर विचारायला लाजू नका, चांगला माणूस स्वतः दाखवतो. त्या गोळ्या देत नाहीत, देऊ पण शकत नाहीत, माझी झोप पार उडाली होती तर त्यांनीच मला मानसोपचार तज्ज्ञाकडं पाठवलं. फी परवडत नसेल तर सिव्हिलमध्ये केसपेपर काढून विचारा. घरातनं बाहेर पडायलाच जमत नसेल तर टेलिमानस ह्या मानसिक आरोग्याच्या हेल्पलाइनचा १४४१६ आहे, सरकारी, फुकट, चोवीस तास, मराठीत बोलतात. बायकांसाठी १८१ पण आहे. फोन केल्यावर कॉल हिस्ट्रीमधून नंबर काढून टाका.

तासगाव, पलूस, जतकडून येणाऱ्यांसाठी मॅडम व्हिडिओवर पण सेशन घेतात, पण पहिली भेट समोरासमोर घ्या असं मी म्हणेन, आणि व्हिडिओचं सेशन नवरा घरी असताना शेजारच्या खोलीत बसून अजिबात घेऊ नका, मैत्रिणीकडं जा नाहीतर गाडीत बसून घ्या. अपॉइंटमेंट सकाळी अकराच्या आसपास फोन केला तर लवकर मिळते, दुपारी फोन उचलत नाहीत. सोमवारी गर्दी असते.