भिंतीवरच्या घड्याळाचं सुटं मशीन: शंभराच्या आतला स्फटिक किती खरा चालतो

सांगलीत मारुती रोडला किंवा गणपती पेठेत घड्याळाच्या दुकानात सुटं मशीन मागितलं की काळी चौकोनी डबी समोर येते. बाजू साधारण 56 मिलिमीटर, मागे एका पेन्सिल सेलची जागा, वेळ लावायचं चाक, पुढे आटे पाडलेली नळी. साधं मशीन बहुधा शंभराच्या आत मिळतं. आमच्या मते घरासाठी हेच घ्यावं. पण घेताना काय बघायचं ते आधी कळायला हवं.

डबी उघडली तर हिरव्या पट्टीवर तांदळाच्या दाण्याहून थोडी मोठी, चकचकीत नळी दिसते. तिच्या पोटात क्वार्ट्झचा स्फटिक असतो. जपमाळेतला स्फटिकही जातीने हाच, फक्त घड्याळातला कारखान्यात वाढवलेला आणि चिमट्याच्या आकारात कापलेला. वीज मिळाली की तो सेकंदाला 32,768 वेळा थरथरतो. पट्टीवरची चिप हा आकडा 15 वेळा निम्मा करते, उरतो सेकंदाला एक ठोका. त्या ठोक्यावर कॉइल छोट्या चुंबकाला अर्धा फेरा देते आणि काटा एक घर पुढे सरकतो.

मशीनची पारख इथेच होते. या स्फटिकात साधारण दहा लाखात 20 भागांची चूक धरतात, म्हणजे दिवसाला पावणेदोन सेकंद, आठवड्याला 12. तापमानाचाही फरक पडतो. 25 अंशांच्या आसपास तो सर्वांत खरा चालतो, त्याहून गरम झाला तरी मागे पडतो आणि गार झाला तरी मागेच. एप्रिल-मेमध्ये खोली 40 अंशांवर गेली तर दिवसाला पाऊण सेकंदाच्या आतलाच फरक. तेव्हा घड्याळ रोज पाच मिनिटं मागे पडत असेल तर दोष स्फटिकाचा नाही. ठोका वेळेवर पडतोय, काटा तो चुकवतोय. "क्रिस्टल गेलाय" असं कोणी सांगितलं तर आधी सेल बदला आणि काटे कुठे घासतात ते बघा.

सेल उतरला की खूण ठरलेली: सेकंदकाटा नवाच्या अलीकडे-पलीकडे जागच्या जागी उडत राहतो. तिथे काटा आडवा असतो, त्याचं वजन उचलून वर चढायला सगळ्यात जास्त जोर लागतो आणि नेमका तोच कमी पडतो. चार्जिंगचे सेल 1.2 व्होल्टचे, ते इथे घालू नयेत. साधा 1.5 व्होल्टचा सेल बरा, फक्त संपल्यावर आत ठेवू नका. सेल पाझरला की स्प्रिंगवर पांढरा-हिरवा थर चढतो आणि घड्याळ अधूनमधून बंद पडतं. थर लिंबाच्या रसाने निघतो. नंतर ओल्या फडक्याने पुसून पूर्ण सुकवायचं.

खरेदीत सर्वांत जास्त चूक पुढच्या आटेवाल्या नळीच्या लांबीत होते. डायलच्या जाडीपेक्षा आटे किमान तीन मिलिमीटर जास्त हवेत, नाहीतर नट धरत नाही. पत्र्याच्या डायलला आखूड नळी चालते, 6 मिलिमीटरच्या प्लायला नाही. जुना नट आणि काटे दुकानात सोबत न्या. काट्यांची भोकं कंपनीगणिक बदलतात, आणि सैल बसलेला तासकाटा साडेपाचला चार दाखवतो.

बसवताना सेल काढून ठेवा. सेकंदकाटा, मिनिटकाटा, तासकाटा या क्रमाने सरळ वर ओढा, वाकडे करू नका. नवं मशीन रबरी वॉशरसह आत घाला, नट हाताने आवळा आणि मग पाव फेराच जास्त द्या. काचेच्या डायलला त्याहून आवळलं तर तडा जातो. तिन्ही काटे बारावर बसवा आणि मागचं चाक फिरवून पूर्ण बारा तास काढून बघा. काटे एकमेकांना कुठेही शिवता कामा नयेत. मग मोबाइलशी सेकंद जुळवून आठवडाभर ठेवा. 15 सेकंदांच्या आत फरक असेल तर मशीन उत्तम.

दुकानदार आवाज न करणारं "स्वीप" मशीनही दाखवतात. झोपायच्या खोलीला ते छान, पण सेल लवकर खातं. देवघरात, कार्यालयात टिकटिकवालंच ठेवावं. लग्नात अंतरपाट धरल्यावर गुरुजींची नजर सेकंदकाट्यावर असते, आणि थांबून थांबून पडणारा ठोका लांबूनही मोजता येतो. पूर्वी हे काम घटिकापात्र करायचं: पाण्यावर ठेवलेली भोकाची वाटी बुडाली की एक घटका, म्हणजे 24 मिनिटं. मुहूर्ताचा मान आजही तोच आहे, म्हणून कार्याच्या दिवशी नवा सेल घालायला विसरू नये.

पुराच्या पाण्यात बुडालेलं घड्याळ मात्र वेगळी गोष्ट. 2019 सारख्या पुरानंतर भिंतीवरची घड्याळं चिखलासकट निघतात. स्फटिकाची नळी हवाबंद असल्यामुळे तो बहुतेकदा शाबूत राहतो. गाळ अडकतो दातेरी चाकांत, आणि गंज चढतो पट्टीवर. धुऊन चार दिवस चाललं तरी भरवसा नसतो. काटे आणि डायल साफ करून ठेवा, मशीन नवं घाला.