मूकपट झकास, वेग चुकला

इंदुरात दाखवलेल्या ब्रिटिश मूक विनोदपटांची निवड उत्तम, प्रक्षेपण कच्चं. १९१३च्या ‘बॅटल ऑफ वॉटर्लू’ या भव्य चित्रपटाचं त्याच वर्षी विनोदी नट फ्रेड एव्हन्सनं ‘पिंपल’ या पात्राच्या सोंगात केलेलं विडंबन चुकवू नका. त्यातला घोडा म्हणजे कापडी कातड्यात शिरलेली माणसं, थेट पँटोमाइम या ब्रिटिश विनोदी नाट्यप्रकाराच्या रंगमंचावरून उचललेली. आपल्या सोंगाड्यालाही हेवा वाटावा! ‘मेरी जेन्स मिसहॅप’मध्ये (१९०३) लॉरा बेली बूटपॉलिशच्या मिशा काढते, प्रेक्षकांकडे पाहून डोळा मारते, मग चुलीत रॉकेल. पण सेकंदाला साधारण १६ चौकटींचं (फ्रेम्सचं) चित्रण २४नं दाखवल्यानं सगळं दीडपट वेगात पळतं. तो डोळा मारणं निसटतंच. चित्रही आडवं ताणलेलं. प्रोजेक्टर चालवणाऱ्याला चित्राच्या रुंदी-उंचीचं प्रमाण आधीच ४:३ ठेवायला सांगा.