झूम एफ३ : साउंडवाला नसलेल्या युनिटचा रेकॉर्डर

अहिराणी लघुपट किंवा वेबसिरीज करणाऱ्या चार-पाच जणांच्या युनिटमध्ये कॅमेऱ्याला माणूस असतो, आवाजाला नसतो. झूम कंपनीचा एफ३ हा आवाजाचा रेकॉर्डर अशांच्याच कामाचा. दोन एक्सएलआर इनपुट (माईकच्या तीन पिनांच्या जोडण्या), माईकला वीज पुरवणारं ४८ व्होल्ट फँटम, ३२-बिट फ्लोट (खूप मोठा आणि खूप हळू आवाज एकाच वेळी सामावणारं रेकॉर्डिंग) आणि गेनचं, म्हणजे आवाजाची पातळी आधी ठरवायचं, बटणच नाही. बांधावरून मारलेली हाक आणि लगेच नंतरची कुजबुज एकाच टेकमध्ये मिळते. एडिटिंगच्या टाइमलाइनवर हाकेचा वेव्हफॉर्म (आवाजाचा आलेख) वरून छाटलेला दिसला, तर क्लिपची लेव्हल खाली ओढायची. आवाज शाबूत निघतो.

पण फ्लोट आहे म्हणजे सगळं माफ, असं नाही. माईकच वाऱ्याने भरला तर रेकॉर्डर काय करणार? साक्रीकडच्या पवनचक्क्यांच्या माळावर फोमचं टोपण पुरत नाही, डेडकॅट हे केसाळ आवरण हवंच. लो-कट (खालची घरघर कापणारा फिल्टर) ८० हर्ट्झवर ठेवा. वायरलेस लेपलच्या (कपड्याला लावायच्या छोट्या माईकच्या) ट्रान्समीटरमध्येच आवाज फाटला, तर तो फाटकाच इमानेइतबारे ३२ बिटांत साठतो. रावेर-यावलच्या केळीबागांत पानांची फडफड संवादाच्याच फ्रिक्वेन्सीत येते, फिल्टरने ती जात नाही. बूम (काठीवरचा माईक) तोंडापासून दीड-दोन फुटांवर आणणं एवढाच उपाय. शेतातली मोटर बंद करून घेताना ऑटो स्विचही बंद करा, नाहीतर वीज येताच ऐन टेकमध्ये ती सुरू होते.

दोन एए सेल लागतात. रिचार्जेबल असतील तर मेनूत प्रकार बदला, नाहीतर बॅटरीची खूण फसवते. फँटमवर सेल भराभर उतरतात. यूएसबी-सीवर पॉवर बँक चालते, पण रेकॉर्डरची विजेची ओढ कमी असली की काही पॉवर बँक आपोआप बंद पडतात, म्हणून आत सेल असू द्याच. ४८ किलोहर्ट्झवर दोन ट्रॅकना तासाला साधारण १.४ जीबी लागतात.

टाइमकोडसाठी (कॅमेरा आणि रेकॉर्डर जुळवणाऱ्या वेळेच्या खुणेसाठी) ब्लूटूथचं ॲडॅप्टर वेगळं घ्यावं लागतं. ते नको असेल तर कॅमेऱ्याचा माईक चालू ठेवा आणि क्लॅप द्या. दाविंची रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरची फुकट आवृत्तीही वेव्हफॉर्मवरून आवाज आणि चित्र सिंक करते. फ्लोट फाइल न घेणाऱ्या ॲपवर एडिट होणार असेल, तर आधी लेव्हल उतरवा, मग २४-बिट करा. उलट केलंत तर छाटलेला भाग कायमचा गेला.

तीन पात्रांना तीन लेपल लावणार असाल तर हा घेऊ नका, चार इनपुटचा बघा.