माचा शिकवण्याच्या नावाखाली क्योतोत झालेली फसवणूक

एप्रिलच्या सुरुवातीला, ऐन साकुराच्या (चेरीच्या बहराच्या) गर्दीत, मी आणि माझी वहिनी जपानला गेलो होतो. क्योतोत माचा (सावलीत वाढवलेल्या पानांची हिरवी पूड पाण्यात फेटून केलेला जपानी चहा) करायला शिकवतो म्हणणाऱ्या एका क्लासने आम्हाला सरळसरळ फसवलं. पुढच्या सीझनची बुकिंग लवकरच सुरू होतील आणि पुण्या-मुंबईहून जाणाऱ्या बऱ्याच जणांच्या यादीत असा एखादा क्लास असतोच, म्हणून हे सविस्तर लिहितेय. नाव मुद्दाम लिहीत नाही. अशी मंडळी नाव बदलून पुन्हा दुकान मांडतात, तेव्हा त्यांची पद्धत कळणं जास्त गरजेचं आहे.

जाहिरात इन्स्टाग्रामवर दिसली होती. उजी गावात, जुन्या लाकडी घरात, दीड तासाचा क्लास. दगडी जात्यावर पानं स्वतः दळायची, पहिल्या तोडणीचा माचा प्यायचा, शिकवणाऱ्या बाई चहाच्या मोठ्या परंपरेत तयार झालेल्या, आणि शेवटी प्रमाणपत्र. फी माणशी 9,800 येन, सगळी आधीच कार्डाने भरायची. मळ्याचे, जात्याचे, फेसाळलेल्या हिरव्या चहाचे फोटो अतिशय सुंदर होते. ते कुणाचे होते कोण जाणे, त्या क्लासमधले तर नक्कीच नव्हते.

आम्हाला उजीच हवं होतं, त्यालाही कारण होतं. क्योतोच्या दक्षिणेला, जेआर रेल्वेच्या नारा लाइनवर हे छोटं शहर आहे. 10 येनच्या नाण्यावर जे देऊळ दिसतं, ते 1053 सालचं ब्योदो-इनचं फिनिक्स दालन इथलंच. शेकडो वर्षं या भागात सावलीत वाढवलेला चहा पिकतोय. वहिनी घरी रोज सकाळी माचा करते, पण तो व्हिडिओ बघून शिकलेला. तिला एकदा समोर बसून, जाणत्या माणसाकडून शिकायचं होतं. सगळा प्रवास आम्ही त्या एका सकाळीभोवती आखला होता.

आदल्या रात्री साडेदहाला मेसेज आला : गर्दीमुळे जागा बदलली आहे, क्लास उजीऐवजी क्योतोत होईल, खाली पत्ता. मी लगेच लिहिलं की मग आम्हाला नको, पैसे परत करा. उत्तर तयारच होतं : क्लासच्या आधीच्या 24 तासांत रद्द केलं तर परतावा मिळत नाही, हे अटींमध्ये लिहिलं आहे. म्हणजे रद्द करण्याची मुदत उलटल्यावरच जागा बदलल्याचं कळवायचं. सकाळी तिथे भेटलेल्या एका ऑस्ट्रेलियन जोडप्यालाही अगदी हाच मेसेज, अशाच वेळी आला होता. मेसेजमधला मजकूरही शब्दन् शब्द तोच, तेव्हा हे त्या एका दिवसाच्या गर्दीमुळे घडलेलं नाही.

दिलेला पत्ता एका इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावरचा. खोलीत वीसेक जण, खाली ताटामीचं (जपानी घरांतल्या गवती चटयांचं) चित्र छापलेल्या प्लॅस्टिकच्या चटया. कोपऱ्यात एक दगडी जातं होतं. एकेकाने पुढे जायचं, खुंटा धरून दोन-तीन फेरे द्यायचे, फोटो काढून घ्यायचा आणि जागेवर येऊन बसायचं. मी जात्याच्या कडेला वाकून पाहिलं. पूड पडत नव्हती, जात्यात पानंच नव्हती.

मग किमोनो घातलेल्या एका मुलीने मोठ्या पाकिटातून प्रत्येकाच्या वाडग्यात चमचाभर पूड टाकली, वरून खळखळ उकळतं पाणी ओतलं आणि बांबूचं कोरडं चासेन, म्हणजे चहा फेटायची काड्यांची रवी, हातात देऊन सांगितलं, जोरात फेटा. पुडीच्या गुठळ्या वर तरंगत राहिल्या. रंग पिवळट, शेवाळी. वहिनीने हळूच विचारलं, “अगं, हा असा पिवळट का दिसतोय?” मी तो प्रश्न त्या मुलीला विचारला. ती म्हणाली, नैसर्गिक माचा असाच असतो. चव इतकी कडू की समोरच्या बाईंनी वाडगा तसाच खाली ठेवला. जाहिरातीतला दीड तास चाळीस मिनिटांतच संपला.

खरा धंदा त्यानंतर सुरू झाला. शेजारच्या खोलीचं दार उघडलं, तिथे डब्यांनी भरलेलं शेल्फ. 30 ग्रॅमची डबी 5,400 येन, चासेन 7,000 येन, फक्त रोख. डब्यांतला माचा ‘या वर्षीच्या पहिल्या तोडणीचा, आज सकाळीच आपल्या जात्यावर दळलेला’ आणि चासेन ‘ताकायामाच्या कारागिराने हाताने केलेलं’ असं सांगत होते. प्रमाणपत्रं याच काउंटरवर वाटत होते. खरेदी करणाऱ्यांना आधी, बाकीच्यांना थांबा म्हणत. वहिनीने एक डबी आणि एक चासेन घेतलं.

त्या दोन वाक्यांत किती खोटं भरलं होतं, हे दुपारी उजीला गेल्यावर कळलं. ब्योदो-इनकडे जाणाऱ्या रस्त्यावर चहाची जुनी दुकानं आहेत. त्यांतल्या एका दुकानात वयस्क बाई गल्ल्यावर होत्या, त्यांची नात इंग्रजी बोलत होती. वहिनीने पिशवीतून डबी काढून दाखवली. आजींनी चष्मा लावून मागचं लेबल वाचलं आणि नातीला काहीतरी सांगितलं. लेबलवर पदार्थाच्या नावाच्या रकान्यात माचा लिहिलेलंच नव्हतं. तिथे होतं, हिरव्या चहाची पूड.

या दोन वेगळ्या वस्तू आहेत. माचासाठी चहाची झुडपं तोडणीआधी साधारण वीस दिवस किंवा जास्त झाकून ठेवतात. पानं वाफवून, न वळता वाळवतात, देठ आणि शिरा काढून टाकतात. उरतो तो तेन्चा. तो दळला की माचा होतो. साधा हिरवा चहा दळून केलेली पूड वाईट नसते. जपानी लोक ती रोज गरम पाण्यात घालून पितात, पण तिची किंमत माचाच्या कितीतरी खाली असते. वहिनीकडून पैसे माचाचे घेतले होते.

आता त्या जात्याचं. दगडी जातं फार हळू फिरवावं लागतं, नाहीतर पूड तापते आणि वास उडतो. तासाभरात जेमतेम 40 ग्रॅम माचा निघतो. शेल्फवर निदान पन्नास डब्या होत्या, म्हणजे दीड किलो. एका जात्यावर तेवढं दळायला सदतीस तासांहून जास्त लागतील, आणि हे म्हणे सकाळी दळलेलं. शिवाय उजीतली पहिली तोडणी एप्रिलच्या अखेरीपासून पुढे, मुख्यतः मे महिन्यात होते. नवा तेन्चा तर जुन्या रिवाजाप्रमाणे नोव्हेंबरपर्यंत मुरवत ठेवतात आणि तेव्हा कुचिकिरीच्या समारंभात बरणीचं तोंड उघडतात. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात ‘या वर्षीची पहिली तोडणी’ कुणी विकत असेल तर तिथून निघा.

चासेनच्या वेष्टनाच्या तळाशी बारीक अक्षरांत चीन लिहिलेलं निघालं. ताकायामा हे नारा प्रांतातल्या इकोमा शहरातलं गाव. जपानमध्ये बनणाऱ्या चासेनांपैकी नव्वद टक्क्यांहून जास्त तिथे बनतात, बांबूच्या एकाच तुकड्याला चिरत चिरत. (गिफु प्रांतातलं पर्यटकांचं ताकायामा वेगळं, तिथे चासेन शोधत जाऊ नका.) चीनमध्ये बनलेलं चासेन रोजच्या वापराला चालतं, खुद्द जपानमध्येही खूप जण तेच वापरतात. पण ते त्याच्या खऱ्या नावाने आणि खऱ्या किमतीला विकायला हवं.

त्या आजींनी आम्हाला मागच्या खोलीत बसवलं आणि नीट शिकवलं. दुकानाच्या छोट्या क्लासची रीतसर फी होती, सकाळच्या निम्म्याहून कमी. हे इथे लिहितेय, कारण नीट केलेला माचा कसा करतात हे माहीत असेल तर खोटा क्लास पहिल्या पाच मिनिटांत ओळखू येतो. वाडगा आधी गरम पाण्याने विसळून पुसून घ्यायचा. चासेन कोमट पाण्यात बुडवायचं, म्हणजे काड्या मऊ होतात आणि मोडत नाहीत. पूड बारीक चाळणीतून गाळायची. चाशाकुने, म्हणजे बांबूच्या लांब चमच्याने, दोन चमचे, साधारण 2 ग्रॅम. पाणी 70 मिलीच्या आसपास आणि 80 अंशांचं. उकळलेलं पाणी दुसऱ्या भांड्यात ओतून निववलं की तितकं होतं. चासेन तळाला न घासता मनगटातून पुढे-मागे, झपझप. आपला हात रवी फिरवल्यासारखा आपोआप गोल जातो. आजींनी माझं मनगट दोन बोटांत धरून ते थांबवलं. शेवटी वरचे मोठे बुडबुडे हळू मोडायचे आणि चासेन मधोमध वर उचलायचं.

तो वाडगा प्याल्यावर वहिनी कितीतरी वेळ काही बोललीच नाही. कडवट होताच, पण घशाला ओरखडा नव्हता आणि मागून गोडसर चव रेंगाळत होती. सकाळच्या क्लासचा मला सगळ्यात जास्त राग आला तो इथे. वीस माणसं देशोदेशींहून आली होती आणि माचा म्हणजे ती कडू, गुठळ्यांची वस्तू, असं मनात धरून परत गेली.

बुकिंग करताना पूर्ण पत्ता मागा, ‘स्टेशनपासून पाच मिनिटं’ एवढ्यावर भागवू नका, आणि तो नकाशावर बघा. एका वेळी किती जण असतात, माचा कुठल्या व्यापाऱ्याचा वापरता, पाणी किती तापमानाचं घेता, हे लिहून विचारा. प्रामाणिक माणूस याची उत्तरं आनंदाने देतो. आमच्या त्या क्लासला मी परतल्यावर मुद्दाम हेच प्रश्न दुसऱ्या खात्यावरून पाठवले, तर फक्त पैसे भरायची लिंक आली. ‘सेरेमोनियल ग्रेड’ या शब्दांवर जास्तीचे पैसे मोजू नका, जपानमध्ये अशी कुठलीही सरकारी प्रतवारी नाही. उलट एक गोष्ट लक्षात असू द्या, म्हणजे चांगल्या दुकानावर उगाच संशय येणार नाही : डबीवर ‘उजी चहा’ असेल तर पानं उजीतलीच असतील असं नाही. क्योतो, नारा, शिगा आणि मिए या चार प्रांतांतली पानं क्योतोत तयार केली की ते नाव नियमाने लावता येतं. आणि 2024 च्या शरद ऋतूपासून माचाची टंचाई आहे, क्योतोतल्या नामांकित दुकानांनी गिऱ्हाइकामागे किती डब्या द्यायच्या यावर मर्यादा घातली होती. अशा वेळी कुणी भरलेल्या शेल्फसमोर उभं करून आणखी घ्या, आणखी घ्या म्हणत असेल तर मोबाइलचा कॅमेरा लेबलवर धरून भाषांतर वाचा, मगच पैसे काढा.

प्रमाणपत्राचा मोह तर सोडूनच द्या. क्योतोतली ओमोतेसेंके, उरासेंके, मुशाकोजिसेंके ही चहा समारंभ शिकवणारी सेन घराणी वर्षानुवर्षं गुरूकडे शिकल्यावर पायरीपायरीने पुढचं शिकण्याची परवानगी देतात. ज्यांना खात्रीची जागा हवी त्यांनी उजीत ब्योदो-इनजवळ नदीकाठी नगरपालिकेचं ताइहो-आन हे चहागृह बघावं. 2021 मध्ये सुरू झालेलं ‘चाझुना’ हे चहा आणि इतिहासाचं उद्यानही केइहान रेल्वेच्या उजी स्टेशनजवळ आहे, तिथे हाताने करून बघण्याचे उपक्रम असतात.

पैशांचं काय झालं, तेही सांगते. जपानच्या राष्ट्रीय ग्राहक व्यवहार केंद्राची परदेशी पर्यटकांसाठी वेगळी हेल्पलाइन आहे, इंग्रजीत बोलता येतं. तिथल्या बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं आणि कार्डाच्या बँकेकडे तक्रार करताना काय काय जोडायचं ते सांगितलं. बँकेने बुकिंगची पावती, जागा बदलल्याचा मेसेज त्याच्या वेळेसकट, आणि मूळ जाहिरातीचा पुरावा मागितला. तोपर्यंत क्लासवाल्यांनी जाहिरातीच्या पानावरून उजीचं नाव काढून टाकलं होतं. वहिनीने पैसे भरण्याआधीच अख्ख्या पानाचे स्क्रीनशॉट घेऊन ठेवले होते, तारखेसकट, त्यावर दोघींची फी परत मिळाली. रोख दिलेले 12,400 येन बुडाले, त्यांची पावतीही त्यांनी दिली नव्हती.