मोटार अपघात दावा न्यायाधिकरण: इथे साक्षीदार कशावर टिकतो

रस्ते अपघाताची भरपाई ठरवणाऱ्या, जिल्हा न्यायालयाच्या आवारातच चालणाऱ्या या न्यायाधिकरणाची सर्वांत जमेची बाजू म्हणजे पुराव्याचे माप. फौजदारी खटल्यासारखे निष्काळजीपण संशयातीत सिद्ध करावे लागत नाही; शक्यतेचे पारडे अर्जदाराकडे झुकले की पुरते. राजस्थान राज्य मार्ग परिवहन महामंडळाविरुद्धच्या 2019 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले आहे. पोलिसांच्या दोषारोपपत्रातल्या साक्षीदारांच्या यादीत नाव नाही एवढ्यावरून प्रत्यक्षदर्शीला बाजूला सारता येत नाही. 2011 आणि 2020 च्या निकालांत तर, जखमीला दवाखान्यात नेणाऱ्याने स्वतः पोलिसांत वर्दी दिली नाही म्हणून त्याला खोटे ठरवणे चूक मानले गेले. माणुसकीला धरून असलेली ही भूमिका आहे.

तरीही दावे साक्षीदारापाशी अडतात, कारण त्याचा शब्द कागदांशी ताडून पाहिला जातो. पहिला कागद दवाखान्याचा. अपघात विभागात घाईने ‘गाडीवरून पडून जखमी’ असे लिहिले गेले, तर ‘ट्रकने मागून ठोकरले’ हे सांगणाऱ्याची उलटतपासणी तिथूनच सुरू होते. म्हणून दाखल करताना वाहनाचा प्रकार, शक्य असेल तर क्रमांक आणि धडक कुठून बसली ते नोंदवून घ्या. दुसरा कागद घटनास्थळ पंचनामा. रस्त्याची रुंदी, टायरचे ओरखडे, काचा पडल्याची जागा हे सारे त्यात असते. वाहने हलवल्यावर पंचनामा झाला, तर चांगल्या साक्षीदारालाही आधार उरत नाही. तिसरा कागद फिर्याद. ती दावेदारानेच पुराव्यात आणली, तर सोयीचा भाग घेऊन उरलेला नाकारता येत नाही. मृताचीच चूक असल्याची फिर्याद न वाचता जोडणारे वकील आहेत, आणि याचा फटका कुटुंबाला बसतो.

विमा कंपनीचा ठरलेला आक्षेप ‘पेरलेला साक्षीदार’, म्हणजे अपघात न पाहता नंतर उभा केलेला, हा असतो. तो खरा ठरतो तेव्हा खुणा सारख्याच दिसतात: जबाब कित्येक महिन्यांनी नोंदवलेला, साक्षीदार त्या वेळी तिथे का होता याचे उत्तर नाही, दोघांच्या प्रतिज्ञापत्रांत शब्दन् शब्द तोच. ‘ताशी 80 च्या वेगाने’ असे छातीठोक सांगणाराही अडचणीत येतो. कुठे उभा होता, किती अंतरावरून पाहिले, गाडी कोणत्या बाजूला वळली, एवढे साधे सांगणारा टिकतो. प्रतिज्ञापत्र मराठीतच करा. इंग्रजी मसुद्यावर सही करणाऱ्याला मजकूर विचारला की तो गोंधळतो. समोरचा चालक पिंजऱ्यात आलाच नाही, तर युक्तिवादात ते ठळकपणे मांडा. त्याच्याविरुद्ध निष्कर्ष काढता येतो.

2022 च्या केंद्रीय नियमांनी कागदांची साखळी बांधून दिली: पोलिसांचा पहिला अपघात अहवाल 48 तासांत, अंतरिम 50 दिवसांत, सविस्तर 90 दिवसांत. कागदावर योजना उत्तम आहे. अहवाल वेळेत आला तर साक्षीदाराचे नाव सुरुवातीलाच नोंदले जाते आणि पेरल्याचा आरोप बोथट होतो. सीसीटीव्हीचे चित्रण मात्र अहवालाची वाट पाहत नाही, काही दिवसांत पुसले जाते. दुकानदाराकडे लगेच लेखी मागणी करा आणि भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम 63 चे, इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी लागणारे प्रमाणपत्र सोबत घ्या.

न्यायाधिकरणाची कच्ची बाजू तारखांची आहे. रोजंदारी बुडवून आलेला माणूस साक्ष न होताच परत जातो, आणि पुढच्या समन्सला येत नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम 134अ चे, अपघातग्रस्ताला मदत करणाऱ्यासाठीचे संरक्षण आणि घरी वा कामाच्या ठिकाणी जबाब देण्याची मुभा पोलीस तपासापुरती उपयोगी पडते. न्यायाधिकरणातल्या हेलपाट्यांवर तिचा इलाज नाही. साक्ष न्यायाधिकरणाने नेमलेल्या आयुक्तामार्फत किंवा दूरदृश्य प्रणालीने नोंदवण्याचा अर्ज सुरुवातीलाच द्यावा.

साक्षीदारच मिळत नसेल तर त्याच कायद्याच्या कलम 164 चा मार्ग आहे: मृत्यूसाठी 5 लाख, गंभीर दुखापतीसाठी 2.5 लाख रुपये, आणि चूक कोणाची हे सिद्ध करावे लागत नाही. पण ही रक्कम स्वीकारली की कलम 166 चा, म्हणजे चूक सिद्ध करून पूर्ण भरपाई मागण्याचा दावा संपतो. कमावता माणूस गेला असेल, तर सही करण्यापूर्वी त्याच्या उत्पन्नाचा हिशेब मांडून घ्या.