सहा बाटल्या, नऊ महिने: लुईव्हिलमध्ये बसून केलेली बर्बनची तुलना

गेल्या सप्टेंबरात एकाच फेरीत सहा बाटल्या घरी आणल्या तेव्हा बायकोने विचारलं, "दुकान काढतोयस का?" प्रश्न रास्त होता. कामानिमित्त अमेरिकेतल्या केंटकी राज्यात, लुईव्हिलला येऊन वर्ष झालं होतं (इथले लोक स्वतःच्या गावाचं नाव 'लूव्हल' असं घशातल्या घशात म्हणतात), पार्ट्यांमध्ये समोर येईल ती बर्बन व्हिस्की प्यायलो होतो, आणि कुणी "तुला कुठली आवडते?" विचारलं की बाटलीचा आकार सांगत होतो. म्हणून ठरवलं की एकदा नीट बसून, सवडीने बघायचं. या सहाही बाटल्यांच्या डिस्टिलऱ्या (व्हिस्की गाळतात ते कारखाने) घरापासून गाडीने दीड तासाच्या आत आहेत.

बाटल्या अशा: एव्हन विल्यम्स व्हाइट लेबल (50 टक्के अल्कोहोल), बफेलो ट्रेस (45), मेकर्स मार्क (45), वुडफर्ड रिझर्व्ह (45.2), वाइल्ड टर्की 101 (50.5) आणि फोर रोझेस सिंगल बॅरल (50). लेबलवर 'प्रूफ' लिहिलेलं असतं, त्याचं निम्मं केलं की टक्के. या आकड्यांकडे मी सुरुवातीला ढुंकूनही पाहिलं नाही. पुढे सगळी गोष्ट तिथेच येऊन अडकली.

आधी थोडं नियमांबद्दल, कारण 'बर्बन म्हणजे गोडसर अमेरिकन व्हिस्की' एवढ्यावर आपल्याकडे विषय संपतो. धान्यात किमान 51 टक्के मका हवा. काढलेला अर्क आतून जाळलेल्या नव्या ओक पिंपात ठेवायचा, पिंपात भरताना तो 62.5 टक्क्यांहून तेज नको, बाटलीत 40 टक्क्यांहून हलका नको. पाण्याशिवाय काहीही मिसळायचं नाही, रंगसुद्धा नाही. केंटकीतच बनली पाहिजे अशी मात्र अट नाही, अमेरिकेत कुठेही चालते. मक्याबरोबर मोड आणून वाळवलेले जव असतात, आणि तिसरं धान्य बहुधा राय. ही राय म्हणजे फोडणीतली राई नव्हे, गव्हाच्या जातकुळीतलं थंड प्रदेशातलं धान्य आहे. पण चवीत तिखटपणा तीच आणते, त्यामुळे नावाचा घोटाळा अगदीच अन्यायाचा नाही. मेकर्स मार्कवाले रायऐवजी गहू घालतात.

शुक्रवारी रात्री दोन बाटल्या, प्रत्येकीची 30 मिली, खाली फुगीर आणि वर निमुळते असे ग्लेनकेर्न ग्लास. पहिला घोट कोरा, मग थोडं पाणी. चकणा शेवटी. हा नियम मोडला त्या शुक्रवारच्या नोंदी मी फाडून टाकल्या, कारण तिखट शेव खाल्ल्यावर सगळ्याच बर्बन मधासारख्या लागतात. ग्लास भांड्यांच्या साबणाने धुतले तर पुढच्या वेळी नाकाला लिंबूच येतं, हेही दोन आठवडे वाया घालवून कळलं. नुसत्या गरम पाण्याने धुवा आणि उपडे घालून वाळवा.

पहिल्या तीन महिन्यांतल्या माझ्या नोंदी आज वाचताना हसू येतं. मेकर्स मार्कपुढे लिहिलंय: "गहू. मऊ. चपातीसारखी." फोर रोझेसपुढे: "राय. लवंग, मिरी, तिखट." म्हणजे मी लेबल वाचून चव लिहीत होतो. मेकर्समध्ये मला काकवी आणि थोडी भाजलेली बडीशेप लागायची, वाइल्ड टर्कीत करपलेल्या गुळाच्या पाकाचा वास यायचा, आणि ती गिळल्यावर छातीत जी ऊब पसरते तिला इथे 'केंटकी हग' म्हणतात. शेजारचे निवृत्त गृहस्थ घोट तोंडात चावल्यासारखा घोळवतात, त्याला 'केंटकी च्यू'. मी ते पहिल्यांदा केलं आणि ठसका लागून नाकातून पाणी आलं.

डिसेंबरात याच शेजाऱ्यांनी सहज विचारलं, "तू 45 ची तुलना 50 शी करतोयस, मग धान्याचा फरक कळतो कसा?" मला उत्तर सुचलं नाही.

मग सगळ्या बाटल्या एका ताकदीवर आणायच्या ठरल्या. मुलीच्या तापाच्या औषधाबरोबर आलेली एक कोरी सिरिंज घरात पडून होती. हिशेब सोपा आहे: 50.5 टक्क्यांच्या 30 मिलीत साधारण 8 मिली पाणी घातलं की ती 40 टक्क्यांवर येते, 50 वाल्या दोघींना साडेसात, 45 वाल्यांना पावणेचार, वुडफर्डला किंचित जास्त. दोन ग्लास शेजारून आणले. बायकोने सहा रंगांच्या टिकल्या काढून ग्लासांच्या बुडाला चिकटवल्या आणि मला स्वयंपाकघराबाहेर पिटाळलं.

निकाल: मेकर्सला मी बफेलो ट्रेस म्हणालो. बफेलो ट्रेसला मेकर्स. वाइल्ड टर्की आणि एव्हन विल्यम्स यांची अदलाबदल केली. म्हणजे तीन महिने ज्या 'मऊ गव्हा'वर मी लोकांना व्याख्यानं देत होतो, तो पाणी सारखं केल्याबरोबर गायब झाला. दोन आठवड्यांनी पुन्हा केलं. या वेळी वाइल्ड टर्की ओळखली, पण गव्हाची चूक पुन्हा तीच. दोन्ही वेळा न चुकता सापडली ती एकच, फोर रोझेस. बायकोने फक्त वास घेतला होता (ती पीत नाही) आणि तिने सहापैकी चार जोड्या बरोबर लावल्या. यावर मी अधिक लिहीत नाही.

माझ्यासारख्या साध्या जिभेला ताकदीतला फरक धान्यातल्या फरकापेक्षा मोठा वाटतो, इतकंच यातून म्हणता येईल. पण याला एक जुना पुरावा आहे. फेब्रुवारी 2013 मध्ये मेकर्स मार्कने मागणी पुरवण्यासाठी अल्कोहोल 45 वरून 42 टक्क्यांवर आणण्याची घोषणा केली होती. चव तीच राहील असं सांगितलं होतं. गिऱ्हाइकांनी एवढा गलका केला की साधारण आठवड्याभरात निर्णय मागे घ्यावा लागला. तीन टक्क्यांसाठी एवढं काय, असं मला पूर्वी वाटलं असतं. आता सिरिंज हातात धरल्यावर वाटत नाही.

मेकर्सबद्दल एक गोष्ट मात्र प्रामाणिकपणे सांगतो: घरात सगळ्यात आधी तीच संपली. पाहुणे तिच्याकडेच हात करतात. बाटलीच्या मानेवरून ओघळलेलं लाल मेण ही मार्जी सॅम्युअल्स यांची कल्पना, बाटलीचा आकार आणि नावही त्यांचंच. नवरा व्हिस्कीच्या कृतीत गुंतला होता आणि बाईंनी ती विकली जाईल अशी केली. लोरेटो गावी त्यांच्या डिस्टिलरीत ती बाटली मेणात बुडवताना पाहिली तेव्हा लहानपणी देवळात निरांजनाजवळ बसून बोटावर मेणबत्तीचं मेण घेणारा मी आठवलो. असो.

आता वाइल्ड टर्की 101. पहिल्या घोटाला मी हिला जवळजवळ नापास केलं होतं: तेज, लाकडाची, उद्धट. बाटली एक तृतीयांश रिकामी झाल्यावर, म्हणजे साधारण दुसऱ्या महिन्याच्या शेवटी, ती बदलली. आत हवा शिरते, टोकदारपणा उतरतो, आणि मागे राहतो तो दालचिनी आणि चिक्कीच्या कडेचा करपट गोडवा. लॉरेन्सबर्ग गावची ही वाइल्ड टर्कीवाली मंडळी पिंपं सगळ्यात खोल जाळतात, चौथ्या पायरीपर्यंत. आतलं लाकूड मगरीच्या पाठीसारखं तडकतं, म्हणून त्याला 'अॅलिगेटर चार' म्हणतात. शिवाय पिंपात भरताना अर्क कायद्याने चालतो त्यापेक्षा बराच हलका ठेवतात, त्यामुळे बाटलीत भरताना पाणी कमी घालावं लागतं. पुढे तिथले मुख्य डिस्टिलर झालेले जिमी रसेल 1954 मध्ये तिथे कामाला लागले आणि पुढे मुलगा एडीही त्याच कामात आला. एका घराण्याचा हात इतकी वर्षं एकाच भट्टीवर असला की चव इकडची तिकडे होत नाही, असं मला वाटतं. पण हे वाटणंच आहे.

50.5 टक्क्यांचा रोजचा फायदा असा: मोठा बर्फाचा खडा टाकला तरी शेवटच्या घोटापर्यंत चव टिकते. 45 वाल्या बर्फात पंधरा मिनिटांत सरबत होतात. आणि बाटलीचा शेवटचा चतुर्थांश तीन-चार महिने रेंगाळला तर 45 वाल्यांचा वास जास्त उतरतो, 50 वाल्या तग धरतात. सहापैकी जी मी पुन्हा विकत घेतली ती हीच, किंमत इथे साधारण पंचवीस डॉलर.

फोर रोझेस सिंगल बॅरल मला मनापासून आवडते आणि तरीही मी ती रोजची म्हणून सांगणार नाही. ही डिस्टिलरी दोन धान्यमिश्रणं आणि पाच यीस्ट वापरून दहा वेगवेगळे अर्क काढते. नेहमीच्या सिंगल बॅरलला त्यातला एकच, 35 टक्के रायवाला. बर्बनमध्ये इतकी राय क्वचित असते, म्हणून तर टिकलीच्या परीक्षेत ती सापडली. वासात पिकलेला पेरू, जायफळ, मागून मिरी. पण सिंगल बॅरल म्हणजे एका पिंपातलीच व्हिस्की. पहिल्या बाटलीवर खूश होऊन दुसरी आणली, लेबलवर पिंपाचा नंबर वेगळा, आणि आतला पेरू गेलेला, त्या जागी नुसतं भाजलेलं लाकूड. वाईट नव्हती, वेगळी होती. ज्याला दर वेळी तीच चव हवी त्याने हा जुगार खेळू नये. पहिलीचं उरलेलं अर्धं मी हौसेने लग्नात आलेल्या काचेच्या नक्षीदार डिकँटरमध्ये ओतलं होतं, हा माझाच मूर्खपणा. त्याचं बूच सैल. सहा आठवड्यांनी उरलं ते गोडसर पाणी. व्हिस्की तिच्या बाटलीतच ठेवा, आणि उभी ठेवा, आडवी केली तर अल्कोहोल बूच खातं.

या ब्रँडचा इतिहासही उलटासुलटा आहे. सीग्रॅम ही मद्यकंपनी मालक होती त्या काळात कित्येक दशकं खरी फोर रोझेस बर्बन युरोप आणि जपानला जायची आणि अमेरिकेत त्या नावाने हलकी मिश्र व्हिस्की विकली जायची. 2002 मध्ये जपानच्या किरिन कंपनीने ती घेतल्यावर बर्बन आपल्या गावी परतली. आमच्याकडे हापूसचं होतं तसंच, पेटी बाहेर आणि बागवाल्याच्या घरी बिटक्या.

बाकीच्यांचं थोडक्यात. बफेलो ट्रेसवर कुणालाही बोट ठेवता येणार नाही, आणि त्यामुळेच मला तिच्यावर लिहायला काही सुचत नाही. वुडफर्ड नारिंगाची साल घालून 'ओल्ड फॅशन्ड' कॉकटेल केलं की फार छान, कोरी पिताना मी दुसऱ्या कुठल्यातरी बाटलीकडे बघत असतो. एव्हन विल्यम्स व्हाइट लेबल या सहांत सगळ्यात स्वस्त आणि तरी 'बॉटल्ड इन बाँड'. हा 1897 चा कायदा. तेव्हा व्यापारी वाट्टेल ते मिसळून, रंगवून व्हिस्की विकत, म्हणून सरकारने शिक्का आणला: एकच डिस्टिलरी, एकच हंगाम, किमान चार वर्षं सरकारी देखरेखीच्या गोदामात, आणि बरोबर 50 टक्के. जो नवा शिकतोय त्याने हिच्यापासून सुरुवात करावी आणि सोबत एक सिरिंज ठेवावी.

मी साखर कारखान्याच्या धुराड्याखाली वाढलेला माणूस, गळीत हंगामातला मळीचा वास नाकात कायमचा बसलेला. आपल्याकडच्या बऱ्याच स्वस्त व्हिस्कीचा पायाच मळीचं स्पिरिट. इथे डिस्टिलऱ्यांच्या बार्ड्सटाउन गावच्या रस्त्यावर वास येतो तो वेगळा, ओल्या कणसाचा आणि शिळ्या भाकरीचा. गोदामांच्या आसपास झाडांची खोडं, कुंपणं, घरांच्या भिंती काळ्या पडलेल्या दिसतात. पिंपातून उडणाऱ्या अल्कोहोलवर वाढणारी ती बुरशी आहे. केंटकीत पिंपातलं वर्षाला साधारण तीन ते पाच टक्के असं उडून जातं. उन्हाळ्यात व्हिस्की लाकडात शिरते, हिवाळ्यात बाहेर येते, गोदामाच्या वरच्या मजल्यावर हे जास्त. आणि पिंप नवंच हवं या नियमामुळे वापरलेली पिंपं जगभर विकली जातात. गोव्यातल्या पॉल जॉन कंपनीच्या सिंगल माल्ट व्हिस्की अशाच बर्बनच्या जुन्या पिंपांत मुरतात. त्यातली व्हॅनिला निम्मी इथलीच म्हणायची.

भारतातल्यांसाठी: जिम बीम आणि मेकर्स मार्क तिकडेही मिळतात. फेब्रुवारी 2025 मध्ये बर्बनवरचं आयातशुल्क 150 वरून 100 टक्क्यांवर आलं, पण वर राज्याचा कर असतोच, त्यामुळे इथल्या किमतीशी तुलना करून जीव जाळू नका. प्रवाशाला दोन लिटर शुल्क न भरता आणता येतात.

पुढच्या महिन्यात सांगलीला जातोय. दोन बाटल्या टॉवेलात गुंडाळून बॅगेत बसतात. एक वाइल्ड टर्की ठरली. दुसरी मी एव्हन विल्यम्स म्हणत होतो, पण बायको म्हणाली, "मामांना मेणवालीच दे, रिकामी झाल्यावर मामी त्यात मनी प्लांट लावतील." तेव्हा मेकर्स.